सातशे तीनची हवा

‘हवा कमी येऊन रायली’ ही तक्रार वसाहतीच्या हवेचे नळ सांभाळताना मी एकवीस वर्षं ऐकतो आहे. दहातल्या नऊ वेळा हवेचा काही दोष नसतो. कोणी जाळीसमोर कपाट सरकवलेलं असतं, कोणी फिल्टर दिवाळीनंतर उघडलेलाच नसतो. एका रिटायर्ड गुरुजींनी तर जाळीच्या आत लोणच्याची बरणी ठेवली होती, थंड राहते म्हणून. वर मलाच विचारत होते की कंपनी हवेला वास का लावते! मी बरणी काढली आणि त्यांच्या हातात दिली. अशा कामाला डोकं लागत नाही, फक्त चिडायचं नाही एवढं जमलं पाहिजे. मला ते फारसं जमत नाही.

त्यामुळे वैशाखातल्या त्या सोमवारी सहाशे तीनमधून फोन आला तेव्हा मी जरा कुरकुरतच गेलो. ते घर आमच्या घराच्या बरोबर खाली. आम्ही सातशे तीनमध्ये, मी आणि बाबा. माझं लग्न टिकलं नाही आणि आई जाऊन सहा वर्षं झाली.

दार स्नेहल वाकडेनं उघडलं. तिच्या खांद्यावर सात आठवड्यांचं बाळ होतं. दिवस भरायच्या आत झालेलं, म्हणून वयाच्या मानानं फारच लहान. घरात नवरा, सासू, सासरे, सगळे एकाच खोलीत जाळीखाली बसले होते.

“फिल्टर मी कालच धुतला भाऊ,” ती म्हणाली. “कपाटबिपाट काही नाई पुढं. तुम्हीच पाहा.”

मी खिशातून पतंगाच्या कागदाची पट्टी काढली. मीटर माझ्याकडे आहे, पण आधी पट्टी धरायची ही माझी सवय. चांगली हवा असली की ती जाळीसमोर आडवी ताठ उभी राहते. इथे ती थोडी हलली आणि खाली लोंबली. मग मीटर लावला. घराला सेकंदाला नव्वद लिटर हवा लागते, इथे चाळीस येत होती.

“याले ताप नाई, डॉक्टर म्हणतात,” स्नेहल बाळाच्या पाठीवरून हात फिरवत म्हणाली. “पण अंग पाहा ना, तव्यासारखं लागते.”

मी हात लावून पाहिला. खरंच तसं लागत होतं.

आता ज्यांनी चंद्रपूरचा जुना उन्हाळा पाहिला आहे त्यांना हे सांगायला हवं, की तो उन्हाळा आता राहिलेला नाही. माझ्या लहानपणी सत्तेचाळीस अंश व्हायचे, पण हवा कोरडीठाक. कूलरला वाळ्याची ताटी लावली, तिच्यावर पाणी मारलं की पाणी उडून जाताना खोली गार करायचं. घामही तसाच उडायचा आणि माणूस जगायचा. गेल्या तीस वर्षांत उन्हाळाच ओला झाला. हवेत आधीच इतकी वाफ असते की घाम अंगावरून उडत नाही, नुसता वाहत राहतो. अशा हवेत धडधाकट माणूस सावलीत बसला तरी सहा तासांत आतून शिजतो. कूलर तर त्यात आणखी वाफच ओततो. पहिल्या दोन ओल्या उन्हाळ्यांत या शहरानं काय पाहिलं ते मी लिहीत नाही.

मग आलं पटल. एका प्रयोगशाळेत सापडलेला हा पदार्थ, त्याला इतकी बारीक छिद्रं की चिमूटभर पुडीच्या आतल्या भिंती पसरल्या तर फुटबॉलचं मैदान भरेल. ही छिद्रं हवेतली वाफ पिऊन घेतात. हवा नेणाऱ्या नळांना आतून त्याचा थर दिला की हवा वाटेतच कोरडी होते, आणि कोरडी हवा गार करायला वीज निम्मी लागते. रोज सकाळी सहाला पटलामागच्या तारा तापतात, प्यायलेली वाफ सुटते आणि मोठा पंखा उलटा फिरून ती बाहेर ओढून नेतो. तासाभरात पटल पुन्हा तहानलेलं. या एका शोधावर अख्ख्या वसाहती उभ्या राहिल्या. खाली एक यंत्रघर, तिथून भिंतीभिंतीतून नळ, खिडक्या कायमच्या बंद. आमची वसाहत त्यातलीच, बंद पडलेल्या कोळसा खाणींच्या माणसांसाठी बांधलेली.

पटल वाफ पितं तेव्हा थोडं फुगतं आणि वाळलं की बसतं. पण वाफेऐवजी पाण्याचा थेंब लागला तर आतल्या भिंती कोसळतात. मग ते भिजलेल्या साबुदाण्यासारखं होतं, कितीही तापवा, पुन्हा मूळचं होत नाही. म्हणून प्रत्येक घरात जाळीवर पाटी आहे, ‘जाळीस ओले काही लावू नये’. ती मी हजारदा वाचली होती.

सहाशे तीनच्या जाळीतून मी कॅमेऱ्याची वायर आत सरकवली. आमच्या वसाहतीत वरच्या-खालच्या दोन घरांना मिळून एक फांदी असते. मुख्य नळातून ती निघते, फाट्यावर तिचे दोन पाय होतात, एक वर सातशे तीनला, एक खाली सहाशे तीनला. फाट्यावर एक झडप असते, हवा कुणाला किती ते ठरवणारी. ती सहाव्या मजल्याच्या जिन्याजवळ कुलपात असते आणि किल्ली माझ्याकडे.

खालच्या पायात कॅमेरा दोन हात गेला आणि अडकला. वीतभर रुंद नळ चार बोटांवर आला होता. चारी बाजूंनी पांढरं, फुगलेलं, मऊ. आणि त्या पांढऱ्यात रुतलेली एक तपकिरी काडी दिसली. मी वायर हळूच फिरवली. आणखी काड्या होत्या, मुळांचे तंतू.

तो वाळा होता. आणि तो माझ्या हातचा होता, हे मला तिथे त्या स्टुलावर उभ्या उभ्याच कळलं.

या घरात आलो तेव्हा बाबांना झोप येईना. सत्तावीस वर्षं जमिनीखाली काढलेला माणूस, त्यांना बंद खिडकीचं काही वाटत नव्हतं. त्यांना वाळ्याचा वास हवा होता. आई उन्हाळाभर ताटीवर पाणी शिंपडायची, तिच्याशी तो वास जोडलेला. ती गेल्यावर तर ते फारच मागायला लागले. म्हणून मी जाळीच्या मापाची छोटी ताटी विणली, जाळीवर बसवली, आणि बाबा संध्याकाळ-सकाळ तिच्यावर पाणी मारायला लागले. घरभर वास. शेजारीपाजारी आले, त्यांनाही हवी झाली. मी चाळीस घरांत लावून दिल्या, चहावर. पाटी काय, कंपनीवाले उगाच घाबरवतात असं मी स्वतः लोकांना सांगितलं होतं.

सकाळी सहाला पंखा उलटा फिरायचा आणि ओल्या ताटीतले थेंब आत ओढले जायचे. पाणी खालीच उतरतं. ते आमच्या पायात थांबलं नाही, फाट्यावरून खालच्या पायात गेलं. बाबांची हवा शाबूत राहिली आणि खालच्यांचा नळ सहा वर्षं थोडा थोडा बुजत गेला.

“काय झालं भाऊ?” स्नेहलनं विचारलं.

“आत कचरा आहे,” मी म्हणालो. “बघतो काय करता येतं ते.”

कचरा! मला माझीच लाज वाटली, पण मी तेच बोललो.

कंपनीच्या इंजिनीअर बाईंना मी फोटो पाठवले. त्या चांगल्या होत्या, म्हणजे खोटं बोलत नव्हत्या. “फुगलेला भाग फोडूनच काढावा लागतो उराडे. त्यासाठी भिंत फोडायची, अख्खी रांग महिनाभर बंद. या उन्हात ते शक्य नाही. आणि एक लक्षात ठेवा, हे पसरतं. जिथे नळ चिंचोळा होतो तिथे सकाळची वाळवणी पोचत नाही, मग पुढचं पटल ओलंच राहतं आणि तेही फुगतं. आठवड्याला चार बोटं धरा.”

“मग आत्ता काय करू?”

“झडप आहे ना? वरच्या घराची हवा खाली वळवा. वर कोण राहतं?”

मी म्हणालो, “एक म्हातारा माणूस.”

“त्याला पालिकेच्या गारघरात हलवता येईल का?”

गारघरात आठ दिवसांपासून जिन्यांवर माणसं बसली होती. हे त्यांनाही ठाऊक होतं.

बाबांच्या छातीत कोळसा आहे. फुप्फुसं निम्मी दगड झालेली. नव्वद लिटर हवा त्यांना पुरते, सत्तरवर ओठ निळसर होतात. सहाशे तीनला निदान साठ द्यायची तर बाबांची तीसच्या आसपास येणार. नळ दोन घरांचा होता आणि हवा एकाच घरापुरती उरली होती. मी किल्ली खिशात ठेवली आणि घरी गेलो.

जेवताना बाबांना वाळ्याचं सांगितलं. ताटी काढावीच लागणार होती, म्हणून सांगणं भाग होतं. ते बराच वेळ भाकरीचा तुकडा वरणात बुडवत राहिले.

“म्हणजे माह्या झोपेपायी त्या लेकराची हवा गेली.”

“तुमच्यापायी नाही बाबा. ताटी मी लावली.”

“मागितली कोणी?” त्यांनी तुकडा ताटात ठेवला. “तिले वर आन ना. बाईले अन् लेकराले.”

“तीन-चार माणसं झाली की खोली कोंदते. आपली हवा दोघांपुरती आहे. आणि तुमचा खोकला, ते सात आठवड्यांचं बाळ.” हे सगळं खरं होतं, म्हणून मला ते सहज बोलता आलं.

बाबा खाणीत पडदेवाले होते. जमिनीखाली हवा एकाच पंख्याची असते आणि गल्ल्या शंभर. ज्या गल्लीत माणसं काम करत नाहीत तिच्या तोंडाशी जाड कापडाचा पडदा ठोकायचा, की तिची हवा पुढच्या गल्लीत कामावरच्या माणसांना मिळते. सत्तावीस वर्षं त्यांनी हेच केलं. कुठे पडदा लावायचा, कुठला काढायचा. त्यांचा एकही माणूस हवेवाचून गेला नाही, हे ते दारू न पिताही सांगायचे.

“मंग आपल्या गल्लीले पडदा लाव,” ते म्हणाले. “फाट्यावर काही असन ना? दार, झडप, काही?”

किल्ली माझ्या खिशात मांडीला टोचत होती.

“नाही बाबा,” मी म्हणालो. “फाट्यावर काही नाही. सरळ नळ आहे.”

ते माझ्याकडे पाहत राहिले. खाणीतल्या माणसाला असा नळ कोणी बांधेल हे पटलं नसणार. पण मुलगा एकवीस वर्षं हेच काम करतो, तो सांगतो म्हणजे तसंच असेल, एवढा त्यांचा माझ्यावर विश्वास होता. त्यांनी पुन्हा विचारलं नाही. मला सुटल्यासारखं वाटलं, हे मी लपवत नाही.

पुढचे तीन दिवस पारा चढत गेला. मंगळवारी सहाशे तीनमध्ये मीटर अडतीस दाखवत होता. मी फिल्टर बदलला, जाळी मोठी लावली, एक छोटा पंखा आत बसवला. या सगळ्यानं काही होणार नाही हे मला माहीत होतं. स्नेहलच्या सासूनं दर खेपेला मला सरबत दिलं आणि मी दर खेपेला ते प्यायलो.

बुधवारी बाबा जिना उतरून खाली गेले. एक मजला उतरायला त्यांना वीस मिनिटं लागली असतील. मी यंत्रघरात होतो. संध्याकाळी त्यांनीच सांगितलं.

“पाहून आलो लेकराले.”

“कसं आहे?”

“रडत नाई.” ते खिडकीच्या बंद काचेकडे पाहत होते. “खाली खाणीत एखाद्या गल्लीतून आवाज येनं बंद झालं ना, का आम्ही सगळं सोडून पळत होतो. गोंगाट असला का काही चिंता नाई.”

मी पाण्याचा तांब्या त्यांच्याजवळ सरकवला. मग म्हणालो, “दोन दिवसांत पाऊस म्हणतात.” तसं कोणीच म्हणत नव्हतं.

“हाव,” बाबा म्हणाले. “बाबू, ते आईचं जुनं नऊवारी लुगडं कुठं आहे?”

“पेटीत असेल. कशाला?”

“असंच.”

मला वाटलं, आईची आठवण आली असेल. गुरुवारी सकाळी निघताना ते पलंगावर बसून ते लुगडं मांडीवर घेऊन घड्या मोजत होते. मी पाणी जवळ ठेवलं, मीटर पाहिला, अठ्ठ्याऐंशी होता, आणि कामाला गेलो.

दुपारी तीनला दुसऱ्या इमारतीतलं काम संपवून मी घरी आलो. दार उघडलं तर आतून भट्टीसारखी वाफ अंगावर आली.

जाळी बंद होती. नुसती बंद नव्हे, बाबांच्या हातची बंद होती. आधी वाळ्याची ती ताटी, वाळवून, उलटी बसवलेली. तिच्यावर आईच्या लुगड्याच्या चार घड्या. चारी कडांना लाकडी पट्ट्या, पट्ट्यांना तीन तीन बोटांवर खिळे, आणि फटीत मळलेली कणीक. खाणीत चिखल भरतात, घरात चिखल नव्हता. इतकी नेटकी कामगिरी मी आयुष्यात केलेली नाही. निम्मी फुप्फुसं घेऊन, स्टुलावर चढून, त्यांनी ते किती वेळात केलं असेल कोण जाणे. हातोडी त्यांनी परत पेटीत ठेवली होती.

ते पलंगावर भिंतीला टेकून बसले होते. अंग अजून गरम होतं, पण ते खोलीचं गरम होतं. मी नाडी पाहिली, छाती दाबली, हाका मारल्या. पलंगावर डोकं ठेवून रडलो. शेजारचे मेश्राम आले आणि तेही बसून राहिले.

मग माझ्या डोक्यात ते आलं. मी मीटर घेतला आणि खाली पळालो. निदान खाली तरी हवा गेली असेल.

स्नेहलनं दार उघडलं. मी थेट जाळीपाशी गेलो, पट्टी धरली. ती लोंबली. मीटर लावला. सदतीस.

“परवा अडतीस होती ना?” ती म्हणाली. बाळ सासूच्या मांडीवर डोळे अर्धवट उघडे ठेवून पडलं होतं. त्याचं पोट भराभर हलत होतं.

मी जिन्यात आलो आणि नळ जाणाऱ्या भिंतीला हात लावला. भिंत गार होती. हिवाळ्यातल्या माठासारखी गार, वरून पाणी ठिबकत होतं. बाबांची हवा तिथे गेली होती. खोलीची जाळी त्यांना गल्लीचं तोंड वाटली. त्यांच्या दृष्टीनं हवा तिथूनच आत येत होती, मग तोंड तेच. पण जाळी हे नळाचं शेवटचं टोक, तोंड फाट्यावर होतं, माझ्या कुलपात. शेवटाशी पडदा लावला की हवा मागे कोंडते, खालच्या बुजलेल्या पायात शिरत नाही, आणि सांध्यांत भरलेली जुनी लांबी फोडून भिंतीत निघून जाते. सकाळपासून सहा तास बाबांच्या वाटणीची हवा विटा गार करत होती. मी त्या रात्री जेवताना एक वाक्य खरं बोललो असतो तर ती लेकराला मिळाली असती. नाहीतर निदान मी ठरवलं असतं, त्यांनी नाही.

जिन्याजवळचं कुलूप उघडलं. झडपेची मूठ गंजलेली नव्हती, मीच दर वर्षी तेल घालतो. सातशे तीन पूर्ण बंद, सहाशे तीन पूर्ण उघडी. एवढं करायला दहा सेकंदसुद्धा लागली नाहीत. आत हवेचा सूर बदलला तो मला ऐकू आला.

तिथेच पायरीवर बसून मी हिशेब केला. सोमवारपासून नळ आणखी बुजला होता, आता वरचं पूर्ण बंद करूनही साठ-एकसष्ट लिटरच मिळतील. लागतात नव्वद. आठवड्याला चार बोटं फुगवटा पुढे सरकणार, म्हणजे फाटा गाठायला पंधरा दिवस. पावसाला महिना होता. आणि चाळीस ताट्या मी लावल्या होत्या, त्यांच्या खाली चाळीस घरं. त्यातल्या अकरा घरांची तक्रार तोवर वहीत आली होती. बाकीची येणार होती.

सहाशे तीनचं दार उघडलं. स्नेहल बाळाला घेऊन बाहेर आली. तिचा चेहरा मी चार दिवसांत पहिल्यांदा हसरा पाहिला.

“आली भाऊ! एकदम आली. पाहा, यानं डोळे उघडले.” मग तिनं माझ्या हातातली किल्ली आणि उघडं कुलूप पाहिलं. “काय बिघडलं होतं?”

“पडदा चुकीच्या टोकाला लागला होता,” मी म्हणालो.

तिला ते कळलं नाही आणि कळून घ्यायची घाईही नव्हती. वरच्या मजल्यावर मेश्रामांच्या घरातली माणसं जमू लागली होती, चपलांचा आवाज येत होता. तिनं एकदा वर पाहिलं.

“काल बाबा आले होते ना, याच्या टाळूवर हात ठेवून लय वेळ बसले,” ती म्हणाली. “आता इथं चांगली हवा येऊन रायली. त्यांले बोलवा ना खाली, दोन घटका बसतीन.”